बकेट वेळेवर उचलणाऱ्या जेसीबीवाल्या भाऊंना

भाऊ,

नमस्कार. हे पत्र सगळ्यांनी वाचावं म्हणून उघडं लिहिलं आहे, पण त्यात तुमचं नाव नाही, गावाचं नाही आणि त्या बरडाचा, म्हणजे खडकाळ पडीक जमिनीचा, गट नंबरही नाही. तसं का, ते पुढे येईलच. काटोल-कळमेश्वर पट्ट्यात पांदणीसाठी, म्हणजे शेतरस्त्यासाठी, मुरूम काढताना गोट्यांच्या गोलाला, म्हणजे हजारो वर्षं जुन्या दफनाच्या जागेला, बकेट लागली आणि तुम्ही मशीन बंद केलं, एवढ्या खुणेवरून पत्र कोणाला आहे हे तुम्हाला कळेल. तुमचं काम तासावर मोजलं जातं. मशीन उभं राहिलं की मीटर थांबतो आणि मजुरीही थांबते. तरी तुम्ही थांबलात. त्याबद्दल मनापासून आभार.

नुसतं "थांबल्याबद्दल धन्यवाद" म्हणून हे पत्र संपवता येणार नाही. त्या अर्ध्या तासात तुम्ही ज्या चार-पाच गोष्टी केल्या, त्या कोणी शिकवल्या नसताना बरोबर केल्या. त्या बरोबर का होत्या, हे तुमच्यासारख्या बाकीच्या ऑपरेटरांना, ट्रॅक्टरवाल्यांना आणि मुरूम उचलणाऱ्या पोरांना कळलं पाहिजे.

आधी ती जागा काय आहे ते. नागपूर भोसल्यांची राजधानी होतं, मग मध्य प्रांताची, पुढे १९५६ पर्यंत मध्य प्रदेशाची, आणि आता ते राज्याची उपराजधानी आहे. या शहराला लागून, काटोल रस्त्यावर जुनापाणी आणि माहुरझरी, हिंगण्याकडे रायपूर, बुटीबोरीच्या बाजूला टाकळघाट आणि खापा, पारशिवनीकडे पेंच नदीवर नायकुंड, असं एक फार मोठं स्मशान पसरलेलं आहे. साधारण तीन हजार ते तेवीसशे वर्षांपूर्वीचं. लोखंड वापरणाऱ्या, घोडे पाळणाऱ्या माणसांनी आपले मृत इथे ठेवले आणि भोवती काळ्या दगडाच्या गोट्यांचं कडं केलं. अभ्यासक त्याला शिळावर्तुळ म्हणतात. आपल्याकडची जुनी माणसं ही गोलं गवळी राजांची म्हणून सांगतात. एकट्या जुनापाणीला तीनशेच्या आसपास गोलं आहेत. वर्धा, भंडारा, चंद्रपूरकडेही आहेत, पण नागपूर जिल्ह्याइतकी दाटी कुठे नाही.

ही माणसं राहायची मात्र नदी-नाल्याच्या काठी, काळ्या मातीवर. मृतांसाठी त्यांनी उंचावरची खडकाळ, पिकाला नालायक जागा निवडली. आजही आपण तेच करतो, चांगलं वावर कोणी मसणवट्याला देत नाही. म्हणूनच ही गोलं बरडावर आणि झुडपी जंगलाच्या जमिनीत सापडतात, आणि मुरूमही तिथेच असतो. तुमची बकेट आणि तो गोल एका जागी आले ते योगायोगाने आले नाहीत. बरडावर मुरूम काढणाऱ्या प्रत्येक मशीनसमोर कधी ना कधी गोल येणारच आहे.

आता तुम्ही काय केलं ते.

पहिली गोष्ट, बकेट सरळ वर उचलली, ओढली नाही. याचं मोल सांगायला गोलाची आतली रचना सांगावी लागेल. तळाशी जमीन साफ करून, कधी उथळ खड्डा करून, अस्थी ठेवलेल्या असतात. सोबत भांडी, लोखंडी हत्यारं, कधी तांब्याच्या वस्तू, मणी. त्यावर पुष्कळ ठिकाणी चिकण काळी माती घातलेली दिसते. बरडावर अशी माती नसते, म्हणजे ती खालून, नाल्याकाठून वाहून आणलेली. त्यावर मुरूम-माती, सगळ्यांत वर लहान-मोठ्या गोट्यांचा ढीग, आणि बाहेरून मोठ्या गोट्यांचं कडं. हा क्रम म्हणजेच त्या अंत्यविधीची हकिगत. आधी काय ठेवलं, नंतर काय टाकलं, भांडं अस्थींच्या उशाला होतं की पायथ्याला, घोड्याचा लगाम माणसाजवळ होता की वरच्या थरात, हे सगळं फक्त वस्तूंच्या जागेवरून कळतं. बकेट ओढली की दाताखालचे चारही थर कालवले जातात. वस्तू हाती येतात, पण त्या तुटक शब्दांसारख्या. वाक्य गेलेलं असतं. सरळ उचलल्यामुळे तुमच्या त्या कापात थर जसेच्या तसे उभे दिसत होते. वर गोटाळी, मध्ये तांबूस मुरूम, खाली हातभर काळी माती आणि त्या काळ्या मातीत तिरपा कलंडलेला एक वाडगा.

तो वाडगा तुम्ही बारकाईने पाहिला होता. तोंडाशी काळाकुळकुळीत, खाली लाल. दोन रंग दिले म्हणून तसा झालेला नाही. भट्टीत भांडी पालथी लावतात. तोंड भुश्यात, राखेत दबलेलं राहतं, तिथे हवा पोचत नाही म्हणून ते काळं पडतं. उघड्या बाजूला हवा मिळते, ती लाल भाजते. टाकळघाट, खापा, माहुरझरी, नायकुंड, सगळीकडे ही काळी-तांबडी भांडी आहेत. तीन हजार वर्षांपूर्वीच्या कुंभाराने भट्टी कशी लावली, ते त्या खापराच्या काठावर वाचता येतं.

दुसरी गोष्ट, मशीन जागच्या जागी वळवलं नाही. ज्या चाकोरीने आत गेलात तिच्यातूनच मागे आलात. जेसीबी सात-आठ टनांची. ती जागेवर वळली की चाकं खाली घासतात, वरची गोटाळी खाली दाबली जाते आणि पोकळीतली भांडी फुटतात. जॅक टेकवला तर सगळा भार ताटाएवढ्या जागेवर येतो, ते आणखी वाईट. अर्धवट उकरलेल्या गोलाचं खरं नुकसान बरेचदा पहिल्या बकेटीने होत नाही, घाबरून मशीन बाहेर काढताना होतं.

तिसरी गोष्ट, ते गंजलेलं लोखंड तुम्ही उपटलं नाही. हे आम्हाला सगळ्यांत जास्त भावलं, कारण हाताला खाज सुटते हे कोणीही कबूल करेल. विटकरी रंगाचा, ढेकळासारखा दिसणारा तो चपटा तुकडा. त्याच्यावर फुलीसारख्या दोन पट्ट्या तुम्ही ओळखल्या आणि "कुऱ्हाडीचा बांध दिसते" असं पटवारी साहेबांना सांगितलं. बरोबर सांगितलं. विदर्भातल्या या गोलांमधल्या चपट्या लोखंडी कुऱ्हाडींना दांड्याशी आवळायला लोखंडाच्याच आडव्या-तिडव्या पट्ट्या असत. दांडा कुजून जातो, पट्ट्या पात्यालाच चिकटून राहतात. असं लोखंड मातीत इतकी वर्षं टिकतं कारण आजूबाजूची ओल आणि गंज यांचा मेळ बसलेला असतो. बाहेर काढून उन्हात ठेवलं की गंजातले क्षार हवेतली ओल ओढतात, वस्तू आतून फुगते आणि पापुद्रे सुटतात. एका पावसाळ्यात कुऱ्हाडीची भुकटी होते. म्हणून काढायचंच असेल तर भोवतीच्या मातीसकट, धुवायचं नाही, घासायचं नाही, आणि ते काम पुरातत्त्वच्या माणसाचं. आपलं काम सावली करण्याचं. तुम्ही अंगावरचा दुपट्टा त्यावर टाकला, तेवढं पुरे होतं.

चौथी गोष्ट, निखळलेले गोटे पडले तिथेच राहू दिले. कड्याचा प्रत्येक गोटा मोजणीच्या कामाचा असतो. हिशेब असा: गोलाचा व्यास १२ मीटर असेल तर घेर ३७-३८ मीटर येतो. गोटे एकमेकांना खेटून असतील आणि सरासरी ७० सेंटिमीटर रुंद असतील, तर कडं ५४ गोट्यांचं. जागेवर ४१ भरले तर १३ गेले. कुठे गेले ते शोधायला लांब जावं लागत नाही, जवळच्या धुऱ्यावर म्हणजे शेताच्या बांधावर, विहिरीच्या कठड्यात नाही तर एखाद्या घराच्या पायव्यात ते असतात. पण कोणी चांगल्या मनाने गोटे उचलून पुन्हा गोल मांडून ठेवले, तर मूळ कडं कुठलं आणि आजचं कुठलं ते कायमचं कळेनासं होतं. त्यातही काही गोट्यांवर वाटीसारखे लहान खळगे कोरलेले असतात. जुनापाणीला असे गोटे बरेच आहेत, आणि त्या खळग्यांचा सूर्य उगवण्याच्या दिशांशी काही मेळ आहे का, याचा अभ्यास मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेतल्या लोकांनी केला आहे. गोटा वीतभर फिरवला की दिशा गेली.

पाचवी गोष्ट दिसायला लहान आहे. तुम्ही फोटो काढला, पटवाऱ्यांना दाखवला आणि ग्रुपवर टाकला नाही. या पत्रात नाव-गाव नाही ते याच कारणाने. अशा गोलाचा सगळ्यांत मोठा वैरी म्हणजे गुप्तधनाची अफवा. ज्या गोलाच्या बरोबर मध्यभागी डेऱ्याच्या तोंडाएवढा खड्डा आणि शेजारी लिंबू-कुंकू दिसतं, तिथे रात्री कोण येऊन गेलं ते विचारावं लागत नाही. सापडतं काय? मडक्याचे तुकडे, गंज, चुरा झालेली हाडं. सोनं या गोलांमध्ये क्वचित आहे. माहुरझरीला मिळालं तेही पातळ पत्र्याचं. तेवढ्या आशेने लोक मधला भाग उपसतात, म्हणजे जिथे सगळा अर्थ साठलेला असतो नेमकी तीच जागा. शिवाय १८७८ चा निखात निधी कायदा आजही लागू आहे. जमिनीत पुरलेलं १० रुपयांपेक्षा जास्त किमतीचं काही सापडलं तर कलेक्टरला कळवावं लागतं. लपवणं हा गुन्हा आहे.

या स्मशानाकडे लिहिणाऱ्या-वाचणाऱ्यांचं लक्ष गेलं त्याला दीडशेवर वर्षं झाली. नागपूरचे मिशनरी स्टीफन हिस्लॉप टाकळघाटची गोलं पाहायला गेले होते. परत येताना नाल्याला पूर आला आणि ४ सप्टेंबर १८६३ ला ते त्यात वाहून गेले. नागपूरचं हिस्लॉप कॉलेज त्यांच्याच नावाचं. त्यानंतर जे. एच. रिवेट-कार्नाक. हा माणूस मध्य प्रांत आणि वऱ्हाडचा कापूस आयुक्त होता. कापसाच्या कामासाठी याच मुलखात फिरताना त्याने जुनापाणीची गोलं उघडली आणि १८७९ मध्ये त्यावर लेख लिहिला. त्या वस्तूंपैकी काही आज लंडनच्या ब्रिटिश म्युझियममध्ये आहेत. पद्धतशीर उत्खनन मात्र स्वातंत्र्यानंतरचं. १९६१-६२ मध्ये भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या बी. के. थापर यांनी जुनापाणीची तीन गोलं खणली. मग नागपूर विद्यापीठाच्या शां. भा. देव यांनी टाकळघाट-खापा आणि १९७०-७२ मध्ये माहुरझरी. माहुरझरीला घोड्याची हाडं, त्याच्या तोंडातला लोखंडी लगाम आणि तोंडावर बांधायचा तांब्याचा साज मिळाला. तांब्याची झाकणंही मिळाली, वर पकडायला पाखरू बसवलेली. १९७७ ते १९८० मध्ये देव आणि अ. प्र. जामखेडकर यांनी नायकुंडला काम केलं, तिथे लोखंड गाळायची भट्टीच हाती आली, मातीच्या नळ्या आणि लोखंडाच्या मळीसकट. कुऱ्हाडी कुठून बाहेरून आल्या नव्हत्या, त्या पेंचच्या काठी बनत होत्या.

इतकं होऊनही खणलेली गोलं एकूण गोलांच्या मानाने मूठभरच आहेत. बाकीची न खणता तशीच राहावीत, ती पुढच्या पिढीच्या चांगल्या हत्यारांसाठी ठेव आहे. जुनापाणीचा काही भाग केंद्र सरकारच्या संरक्षणात आहे. संरक्षित जागेच्या हद्दीपासून १०० मीटरपर्यंत नवीन बांधकामाला बंदी, त्यापुढच्या २०० मीटरवर परवानगी लागते. पण तुमच्या बरडावरच्या गोलासारखी कितीतरी गोलं कुठल्याच यादीत नाहीत. त्यांचं रक्षण जो कोणी त्या क्षणी तिथे उभा असेल त्याच्या समजेवर आहे.

नुकसान करणारे सगळे चोर नसतात, हेही सांगायला हवं. पाणी अडवायला आखलेले सलग समतल चर गोलाच्या मधून जातात, कारण नकाशावर ती जागा नुसती "पडीक" असते. झाडं लावायला दीड-दीड फुटाचे खड्डे कड्याच्या आत घेतले जातात आणि पुढे मुळं उरलेलं काम करतात. शहराच्या बाजूने प्लॉटचे लेआऊट सरकत येतात, तिथे तर एका दिवसात सपाटी. आणि मुरूमवाल्याला गोल का दिसतो ते हिशेबानेच कळेल: १२ मीटर व्यासाचा, मध्ये दोन फूट उंच आणि कडेला उतरत जाणारा ढीग साधारण १२ ब्रास (एक ब्रास म्हणजे शंभर घनफूट) भरतो. आयता गोटा-मुरूम, खणायची मेहनत नाही. त्या बारा ब्रासाने पांदणीचा लहानसा तुकडा होतो, आणि तेवढाच मुरूम शंभर पावलांवर मोकळ्या बरडात तितकाच चांगला मिळतो. त्या दिवशी तुम्ही ठेकेदाराला हेच दाखवलं आणि काम पलीकडे सरकवलं. पांदणही झाली. हे आम्हाला फार मोठं वाटतं.

तुमच्या ओळखीच्या ऑपरेटरांसाठी ओळखायच्या खुणा इथे लिहून ठेवतो. बरडावर मशीन चढवण्याआधी एक चक्कर पायी मारावी, सकाळी लवकर किंवा दिवस कलताना. उतरत्या उन्हात जमिनीचा हलका फुगवटाही सावली टाकतो, दुपारी डोक्यावरच्या उन्हात तो दिसत नाही. निसर्गाने टाकलेले गोटे लहान-मोठे, विखुरलेले असतात. माणसाने लावलेले साधारण एका मापाचे, ओळीत, अर्धे जमिनीत रुतलेले. एका जागी उभं राहून सलग पाच-सहा गोट्यांची वाकती ओळ दिसली की तीच वाकण पुढे नजरेने पूर्ण करावी. आतला भाग गोट्यांनी भरलेला असल्यामुळे ओल लवकर उतरते, म्हणून पुष्कळदा तिथलं कुसळी गवत आजूबाजूच्या आधी पिवळं पडतं. आणि एक गोल दिसला तर तो एकटा नसतो. पन्नास पावलांच्या आत दुसरा शोधावाच. श्रावण-भाद्रपदात हे शोधू नये, गवताखाली काही दिसत नाही. फेब्रुवारी-मार्च उत्तम.

बकेट लागूनच गेली, तर तुम्ही केलं तेच करायचं. त्यात एक भर. उघडा पडलेला काप तसाच ठेवला तर पहिल्या सरीला ढासळतो, आणि त्याखालची काळी माती ओली झाली की फुगते, वाळली की फाकते, त्या भेगांत भांडी चिरडतात. म्हणून पुरातत्त्वच्या लोकांनी पाहणी केल्यावर, पावसाआधी, काप बुजवला पाहिजे. त्यावर आधी खताची विणलेली रिकामी पोती उसवून अंथरायची. प्लास्टिकची ताडपत्री नको, तिच्याखाली ओल कोंडते आणि लोखंड सडतं. पोत्याच्या विणीतून पाणी खाली-वर जाऊ शकतं आणि उद्या कोणी खणलं तर पोतं लागताच कळतं की इथून पुढे हात लागलेला नाही. पोत्यावर चाळलेली माती, हाताने घातलेली, एका वेळी वीतभर थर, आणि फक्त पायाने दाबलेली. मशीनने नाही.

तुमच्या बरडावरचा काप असाच बुजवला आहे. वाडगा, कुऱ्हाड आणि बांधाच्या पट्ट्या जिथे होत्या तिथेच आहेत. पटवारी साहेबांच्या पंचनाम्यात मापं आली आहेत. निखळलेल्या सात गोट्यांवर खडूने आकडे घातलेत. खडू पावसाने जाईल, पण तोवर आराखड्यावर त्यांची जागा आलेली असेल. कड्यातले आणखी काही गोटे पूर्वेच्या धुऱ्यावर दिसतात. ते वावरवाल्या काकांनी बरीच वर्षं सांभाळलेला धुरा म्हणून लावले आहेत, त्यांना दोष नाही. त्यांना एवढंच सांगा की धुरा आहे तसा राहू द्या, गोटे परत गोलात नेऊ नका. गवत वाळलं की फेब्रुवारीत उरलेली मोजणी होईल. पन्नास पावलांवरचा तो दुसरा फुगवटा तुम्हीच दाखवला होता, त्याची टेप धरायला तुम्ही हवे आहात. त्या दिवसाची मजुरी तासाप्रमाणे, मशीनशिवाय.

आपले,
काटोल-कळमेश्वर पट्ट्यात शिळावर्तुळं मोजणारे